वाऱ्यावर उडणाऱ्यांचा पंथ उभा करायचाय? मग आधी वारा ठरवा

फँटसी लिहायला घेतलेल्या, नाहीतर मित्र जमवून फासे टाकत रोल-प्लेइंग गेम चालवणाऱ्या प्रत्येकाच्या जगात कधी ना कधी वाऱ्यावर उडणारे लोक येतातच. डोंगरावर मठ, पांढरे झगे, हळू आवाजात कोड्यात बोलणारे गुरुजी, आणि हात वर केला की वादळ. पहिली दोन पानं भारी वाटतं. तिसऱ्या पानावर वाचणारा विचारतो की बाबा हे लोक कुठेही कधीही उडू शकतात तर मग इथे किल्ले कशाला बांधलेत, जहाजं कशाला चालतात, आणि राजाने अजून यांना पगारावर कसं नाही ठेवलं? लेखकाकडे उत्तर नसतं कारण त्याने झगे आधी शिवले आणि वाऱ्याचा विचारच केला नाही.

हे सगळं पहिल्यांदाच करणाऱ्यांसाठी लिहितोय, त्यामुळे नियमांची जाडजूड पुस्तकं नसली तरी चालेल, एक वही पुरे. आणि क्रम बदलू नका प्लीज. लोक थेट चौथ्या नाहीतर सहाव्या स्टेपवर उडी मारतात, कारण तिथे गुरु, शिष्य आणि भांडणं आहेत आणि मजा तिथेच वाटते.

स्टेप १: वारा कुठला?

"वारा" असा काही नसतो. ठिकाणाचा वारा असतो, महिन्याचा असतो, वेळेचा असतो. शाळेत भूगोलात खारे वारे, मतलई वारे, फॉन, चिनूक, लू असं सगळं पाठ केलं होतं आणि परीक्षेनंतर विसरलो होतो, ते आता बाहेर काढा, इथे सोन्यासारखं कामाला येतं.

समजा तुमचा पंथ घाटमाथ्यावर राहतो. सह्याद्रीचंच घ्या. जून ते सप्टेंबर नैऋत्येचा मोसमी वारा समुद्रावरून येतो, कोकणाची पट्टी ओलांडतो आणि समोर कड्याची भिंत लागली की त्याला वर चढण्याशिवाय पर्याय उरत नाही. भर पावसात नाणेघाटात गेलात तर खाली पडायचं ते पाणी वर येताना दिसतं, कड्याच्या टोकापर्यंत ओढा नीट वाहत येतो आणि तिथून त्याचे तुषार उलटे आपल्याच तोंडावर येतात, रेनकोट घातला असला तरी कॉलरमधून आत. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावरून टोपी खाली टाकली तर परत वर येते असं ट्रेकर लोक सांगतात. अशा कड्यावर उडणाऱ्याला काही जादू न करता उचल मिळते, फक्त कड्याच्या समोर राहायचं. पण ती उचल चार महिने, आणि त्या चार महिन्यांत धुकं इतकं की स्वतःचे पाय दिसायची मारामार. म्हणजे बघा, वारा आहे तेव्हा दिसत नाही आणि दिसतं तेव्हा तो वारा नाही. एवढ्या एका गोष्टीतून अर्धा पंथ तयार होतो: धुक्यात आवाजावरून कडा ओळखणारे जुने लोक, कड्यावर टांगलेल्या घंटा, आणि पावसाळा संपल्यावर आठ महिने हात चोळत बसलेली तरुण पोरं.

किनाऱ्यावरचा पंथ एकदम वेगळा. दिवसा जमीन तापते, समुद्राकडून खारा वारा येतो. रात्री जमीन लवकर गार होते आणि पहाटेपर्यंत जमिनीकडून समुद्राकडे मतलई वारा वाहतो. शिडाच्या होड्या याच टाइमटेबलवर चालायच्या, पहाटे बाहेर आणि दुपारच्या वाऱ्याने घरी. तुमचे वारेवाले पण मग तसेच, परतीचा वारा चुकला की रात्र समुद्रावर.

उघड्या पठारावर किंवा वाळवंटात उचल मिळते ती तापलेल्या हवेच्या खांबांतून, ज्याला पॅराग्लायडिंगवाले थर्मल म्हणतात. घारी आणि गिधाडं सकाळी झाडावर बसून असतात, ऊन तापलं की गोल गोल फिरत पंख न हलवता वर जातात, ते यातच. त्यामुळे पठारावरच्या मठात पहाटे चारला उठून उडणारे साधू दाखवू नका हो. जमीन तापल्याशिवाय काहीच होत नाही, हे लोक निवांत नाश्ता करून दहा-अकराला निघणार.

मोठ्या दर्यावरचा पंथ मला सगळ्यात आवडतो पण नवख्यांनी त्याच्या वाटेला जाऊ नये. अल्बट्रॉस पक्ष्याचे पंख उघडले की साडेतीन मीटरपर्यंत जातात आणि तो फारसे पंख न मारता शेकडो किलोमीटर जातो, कारण पाण्यालगत वारा मंद असतो आणि वर जोरात, या फरकातूनच तो वेग काढतो, वाऱ्याकडे तोंड करून वर, वळून खाली, परत वर. वर्षानुवर्षं जमिनीला पाय न लावणारा पंथ असा जमू शकतो, फक्त त्यांचं जेवण, झोप आणि बाळंतपण याची उत्तरं तुम्हाला द्यावी लागतील.

यातलं एकच निवडा आणि वहीत लिहा: कोणत्या महिन्यात, दिवसाच्या कोणत्या वेळी, कुठून कुठे, आणि वारा पडतो कधी. शेवटचं सगळ्यात महत्त्वाचं.

स्टेप २: उडतात म्हणजे नेमकं काय करतात?

माझ्या माहितीत तीनच रस्ते आहेत.

एक, नुसता वारा माणसाला उचलतो. कथांमध्ये हे सर्रास चालतं आणि हेच सगळ्यात कच्चं आहे. विमानातून उडी मारलेला माणूस पोटावर आडवा पडत असेल तर त्याचा वेग ताशी १९०-२०० किलोमीटरच्या आसपास जाऊन स्थिर होतो. म्हणजे त्याला हवेत नुसतं तरंगत ठेवायला खालून तेवढाच वारा हवा. आता ब्यूफोर्टच्या वारा मोजायच्या मापनात सगळ्यात वरची १२ नंबरची पायरी सुरू होते ताशी ११८ किलोमीटरला, तिथेच घरांची छपरं जातात, आणि वाऱ्याचा वेग दुप्पट झाला की दाब चौपट होतो. तुमचे गुरुजी अंगणातून असे वर गेले तर मठाची कौलं, तुळशीवृंदावन आणि दोन-चार शिष्य पण बरोबर जातील. विनोदी कथा असेल तर जरूर ठेवा.

दोन, पंख. पॅराग्लायडरचं कापड साधारण २५ चौरस मीटर असतं, पुढे जायचा वेग ताशी ३५-४० किलोमीटर, आणि शांत हवेत तो सेकंदाला साधारण एक मीटर खाली येत असतो. म्हणजे ज्या हवेचा खांब सेकंदाला एका मीटरपेक्षा जोरात वर चाललाय तिथे तुम्ही वर जाणार, बाकी सगळीकडे हळूहळू खाली. हा हिशोब डोक्यात बसला की उडायचे सीन आपोआप खरे वाटायला लागतात कारण उडणारा सतत शोधत असतो, पुढची उचल कुठे, घार कुठे फिरतेय, उन्हात तापलेला काळा खडक कुठे. आणि २५ चौरस मीटर म्हणजे चांगली मोठी खोली झाली, झग्याच्या बाह्यांवर काम भागणार नाही.

तीन, माणूस स्वतः हलका होतो. हे आपल्याकडे आयतंच आहे. अष्टसिद्धींमध्ये लघिमा आहे, आणि पतंजलींच्या योगसूत्रांत विभूतिपादात आकाशगमनाचं सूत्र आहे, त्यात शरीर आणि आकाश यांच्या संबंधावर संयम (म्हणजे एकाग्र ध्यान) करून कापसासारख्या हलकेपणाशी एकरूप व्हायचं असं सांगितलंय. आता कापूसच का घेतलाय ते बघा. कापूस उडतो खरा पण कुठे जायचं ते वारा ठरवतो. हलकं होणं हे शिकाऊ पोराचं काम झालं, हवं तेव्हा परत जड होता येणं ही खरी विद्या, आणि ती ज्याला जमत नाही तो क्षितिजापलीकडे वाहून जातो.

नवख्यांनी दोन आणि तीन एकत्र करावेत, पंख पण आणि थोडा हलकेपणा पण. याचा एक मस्त नियम खऱ्या हवेतूनच मिळतो. तोच पंख ठेवून वजन चौथाई केलं तर खाली येण्याचा वेग निम्मा होतो, पण पुढे जाण्याचा वेगही निम्माच होतो. म्हणजे ताशी ४० ने जाणारा माणूस हलका होऊन २० वर आला आणि समोरून २५ चा वारा असला तर तो तोंड पुढे करून मागे मागे जाणार! खरे पॅराग्लायडरवाले पण वजनाचा हिशोब करूनच पंखाचा साइज घेतात. जितके हलके तितके वर, जितके जड तितके पुढे. एवढं एक वाक्य वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवलंत तरी तुमची लढाई, पाठलाग, पळून जाणं सगळं सुटतं.

स्टेप ३: शरीराला काय भोगावं लागतं

दर किलोमीटर वर गेलं की तापमान सरासरी साडेसहा अंशांनी उतरतं. पायथ्याला ३० अंश असेल तर चार किलोमीटरवर ४ अंश, त्यात वाऱ्याचा मारा. उडणाऱ्यांचे कपडे हे झगे नसतात, कान झाकलेली टोपी, गुंडाळलेली बोटं, आणि नाकाला कायम सर्दी.

साधारण साडेपाच किलोमीटरवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या निम्मा राहतो. तिथे दम लागतो हे सगळे लिहितात. त्याहून कामाची गोष्ट म्हणजे ऑक्सिजन कमी पडला की डोकं बिघडतं आणि बिघडलंय हे त्या माणसाला कळतच नाही, उलट त्याला एकदम मस्त वाटायला लागतं, हसू येतं, सगळं जमेल असं वाटतं. तुमच्या पंथातल्या ज्या संतांना "वर देव भेटला" त्यांना नेमकं काय झालं होतं? मी तरी याचं उत्तर कथेत कधीच देणार नाही, पंथातल्या दोन माणसांना त्यावरून भांडू देईन.

आणि डोंगराची मागची बाजू. वारा ज्या बाजूने आदळतो तिथे उचल, पण माथा ओलांडून पलीकडे गेलात की तोच वारा गिरक्या घेत खाली आपटतो. पॅराग्लायडिंग शिकवणारे पहिल्या दिवसापासून बजावतात की माथ्याच्या मागे जायचं नाही. खलनायकाला पाठलाग करताना तिकडे ओढायचं असेल तर जागा तयार आहे.

स्टेप ४: शिकवतात कसं?

इथे लोक थेट मंत्रांवर जातात. मी म्हणेन खळ्यापासून सुरू करा. उफणणी बघितली असेल तर आठवा: उंचावर उभी राहिलेली बाई, डोक्याच्या वर धरलेलं सूप, ती ते हळूच हलवते आणि धान्य सरळ पायाशी पडतं, भूस बाजूला वाहत जातं. वारं पडलं की तिचे हात तिथेच थांबतात, कुणी सांगावं लागत नाही, आणि झुळूक आली की परत सुरू. ही बाई तुमच्या पंथातल्या पहिल्या वर्षाच्या शिष्यापेक्षा वारा जास्त ओळखते. तर शिष्याला वर्षभर उफणणीला लावा. त्याला राग येईल, वाचकाला पण थोडा येईल, पण पुढे तोच शिष्य भूस कुठे पडतंय बघून हवेचा प्रवाह सांगेल तेव्हा वसूल होतं.

दुसरं वर्ष नजरेचं. फ्रान्सिस ब्यूफोर्टने १८०५ साली जे ० ते १२ मापन केलं त्यात यंत्र नव्हतंच, जहाजाच्या शिडांवर काय परिणाम होतो त्यावरून नंबर द्यायचा. पुढे जमिनीवरच्या खुणा पण ठरल्या. धूर सरळ वर चाललाय तर ०. पानं सळसळतात तर २. धूळ आणि कागद उडायला लागले तर ४. छत्री सावरत नाही तेव्हा ६. पूर्ण झाड हलतंय आणि वाऱ्यासमोर चालायला त्रास होतोय तर ७. हे तुमच्या जगात उतरवा, छत्रीच्या जागी पदर, कागदाच्या जागी भूस. गुरु नुसतं बोट दाखवतात आणि शिष्याने आकडा सांगायचा.

त्यानंतर श्वास. योगात प्राण, अपान, व्यान, उदान, समान असे पाच वायू मानतात, ते पाच इयत्ता म्हणून सरळ वापरता येतात. त्यातला उदान जिंकला की पाणी, चिखल, काटे यांचा स्पर्श होत नाही असं योगसूत्रांत आहे, म्हणजे चौथ्या इयत्तेतला शिष्य चिखलावरून चालेल पण अजून उडणार नाही. मधल्या पायऱ्या अशा दिसायला हव्यात, नाहीतर काल झाडणारा पोरगा आज ढगात हे कुणालाच पटत नाही.

स्टेप ५: मठ चालतो कशावर

स्वयंपाक कोण करतं? खरंच, हे आधी ठरवा. साधूंच्या आखाड्यात महंत असतात तसे कोठारी पण असतात, कोठार सांभाळणारे, आणि वारीच्या दिंडीत विणेकरी, पखवाजवाले, टाळकरी, चोपदार अशी प्रत्येकाला नेमलेली जागा असते, चोपदाराने चोप वर केला की एवढा मोठा समाज गप्प होतो. वाऱ्यात बोललेलं ऐकू येत नाही, त्यामुळे असा हाताने इशारा करणारा माणूस तुमच्या पंथाला हवाच.

पैसा पण हवा. नाणेघाटात सातवाहनांच्या काळातली लेणी आहे, राणी नागनिकेचा शिलालेख आहे, आणि तिथला दगडी रांजण जकातीचा म्हणून दाखवतात, कारण कल्याणहून जुन्नरकडे माल याच वाटेने चढायचा. ज्याच्या हातात घाट त्याच्या हातात व्यापार. तुमचे वारेवाले घाटाच्या माथ्यावर बसलेत म्हटल्यावर त्यांचा धंदा काय तर वाट राखणं, निरोप पोचवणं, आणि दर्यावर जाणाऱ्या तांडेलांना वारा कधी फिरेल ते सांगणं. हे शेवटचं फार मोठं काम आहे, अरबी समुद्रातली शिडाची वाहतूक पूर्वी मोसमी वाऱ्याच्याच भरवशावर होती, एकदा वारा चुकला की पुढच्या मोसमापर्यंत परक्या बंदरात बसा. अशी माहिती ज्याच्याकडे आहे त्याला राजा एकटं सोडणार नाही, मग दान येतं, दानाबरोबर अटी येतात आणि तुमची कथा सुरू होते.

स्टेप ६: आतलं भांडण

पंथात सगळे एकमताचे असले तर तो पंथ नाही, सजावट आहे. भांडण कुठून आणायचं? योगसूत्रांत सिद्धींची अख्खी यादी आहे आणि तिथेच असंही सांगितलंय की या सिद्धी समाधीच्या आड येतात. म्हणजे उडणं ही साधना की साधनेतला अडथळा? एक गट म्हणतो उडता आलं की खरं शिक्षण सुरू, दुसरा म्हणतो उडता आलं की एकदाच उडायचं आणि नंतर आयुष्यभर चालायचं. मला दुसरा गट लिहायला जास्त आवडतो, मठातले सगळ्यात थोर लोक पायी फिरणारे, आणि बाहेरच्यांना वाटतं यांना येतच नाही.

आपल्याकडे याची गोष्ट सगळ्यांना पाठ आहे. चौदाशे वर्षं जगलेले म्हणून सांगतात ते चांगदेव वाघावर बसून, हातात सापाचा चाबूक घेऊन आले आणि निवृत्ती, ज्ञानदेव, सोपान, मुक्ताबाई ज्या भिंतीवर बसले होते ती भिंतच चालायला लागली. आळंदीला ती भिंत अजून दाखवतात. तुमच्या जगात ही गोष्ट उचलून टाकू नका, फक्त तिचा सांगाडा बघा: मोठी सिद्धी असलेला माणूस छोट्या मुलीपुढे नमतो. हे उडणाऱ्यांत कसं दिसेल ते तुमचं तुम्ही शोधा.

रचना पण भांडणाचं कारण होऊ शकते. ऋग्वेदातले मरुत हे रुद्राचे पुत्र, टोळीने फिरणारे, सगळे सारखे, कुणी थोरला नाही कुणी धाकटा नाही, आणि पुराणांत त्यांची संख्या ४९ आहे. एका गुरूच्या शब्दावर चालणाऱ्या मठात जर अशी एक सगळे-सारखे टोळी तयार झाली तर? गुरु चोप वर करतात आणि ४९ जण खाली बघतच नाहीत.

स्टेप ७: नावं

पटकन सांगतो. वायुमार्तंडप्रभंजनाचार्य वगैरे नको. पंथाचं स्वतःचं नाव जड असू दे पण पायथ्याच्या गावातले लोक त्यांना वारेवालेच म्हणतील, किंवा काहीतरी चेष्टेचं. वाऱ्यांना मात्र भरपूर नावं द्या आणि ती शेतकरी-कोळी लोकांच्या तोंडची वाटू द्या, कारण ज्याचं पोट वाऱ्यावर अवलंबून आहे तोच त्याला नाव ठेवतो.

स्टेप ८: आता चालवून बघा

गेम असेल तर प्रत्येक सीनच्या आधी वाऱ्याचा फासा टाका. दोन साधे सहा-बाजूचे फासे, बेरजेतून २ वजा, आला तो ब्यूफोर्टचा आकडा. सरासरी ५ येते, जी पावसाळ्यातल्या कड्याला ठीक आहे. हिवाळ्यातल्या पठारावर २ ऐवजी ४ वजा करा आणि शून्याखाली गेलं तर शून्यच धरा. ० ते २ ला कड्यावरून उचल नाही, फक्त घसरत खाली जाता येतं. ३-४ ला शिकाऊ उडतात. ५-६ ला जुने लोक. ७ आणि वर असेल तर ज्याला काहीतरी फार मोठं कारण आहे तोच. गोष्ट लिहीत असाल तरी हे फासे टाका, लेखक लोकांना सोयीचा वारा सोडायची सवय असते आणि फासा ती मोडतो.

पहिल्या सेशनला किंवा पहिल्या प्रकरणात फासे टाकू नका, आकडा ० धरा. कुणालाच उडता येत नाहीये अशा दिवशी पंथाची ओळख करून दिली की स्वयंपाकघर, भांडणं, घंटा, उफणणी सगळं दाखवायला वेळ मिळतो, आणि खेळाडू वाऱ्याची वाट बघायला लागतात. फक्त प्रत्येक ग्रुपमध्ये एक जण असतो जो म्हणतो "मी तरी पण उडी मारतो". त्याच्यासाठी पडण्याचा हिशोब आधीच वहीत लिहून ठेवा: पहिल्या सेकंदाला ५ मीटर, दुसरा संपेपर्यंत २०, तिसरा संपेपर्यंत ४५, आणि दर सेकंदाला त्याला जड-हलकं होण्याचा एकच प्रयत्न.